थोरला कडू

ओत्तोरीनो झाम्पिएरी, वय त्र्याऐंशी,
गॅरेजात गाडी ठेवत नाही.
बेडफर्डच्या आमच्या गल्लीत तेवढं एकच दार
ऑक्टोबरपासून जानेवारीपर्यंत
बोटभर उघडं असतं,
आणि आत, वेताच्या फळ्यांवर
द्राक्षं झोपलेली.

झोपलेली हा त्याचाच शब्द.
चौतीस वर्षं विटांच्या भट्टीत गेली,
दक्षिणेकडच्या कामगारांत हा एकटा उत्तरेचा,
व्हेरोनाच्या वरच्या टेकड्यांतला.
त्याची बोली त्यांनाही कळायची नाही,
म्हणून मी फारसा बोललोच नाही कधी,
असं तो मला दीड तास सांगत होता.

घडाचे खांदे तेवढे घ्यायचे, म्हणाला,
आम्ही त्यांना कान म्हणतो,
वर असतात, उन्हाला आधी तेच भेटतात.
गोड व्हायचं तर आधी ऐकावं लागतं,
हे तो म्हणाला नाही, मी आत्ता जोडलं,
खोडलं तरी चालेल.

नोव्हेंबरात जिन्यावरून पडला. खुबा.
स्ट्रेचरवरून किल्ली दिली माझ्या हातात:
रोज बघ. बुरशी दिसली तर काढ.
घड नाही. मणी.

मी तासगावची, हे त्याला कुठं ठाऊक.
आमच्याकडे घड औषधात बुडवतात,
शेडमध्ये जाळीवर पसरतात,
गंधकाची धुरी देतात,
पंधरा दिवसांत हिरवा लांबोडा बेदाणा पेटीत.
सौद्याला पेट्या फुटायच्या, मुठी उधळायच्या,
बाबा घरी यायचे ते
तळव्याला चिकटलेले मणी घेऊन.
दारूचं नाव निघालं तर
वाढल्या पानावरून उठतील, असे बाबा.

फोनवर त्यांनी विचारलं, ऊन किती?
म्हटलं, नाही.
धुरी?
नाही.
मग वाळतंय कशानं?
दाराच्या फटीनं.
बराच वेळ पलीकडे नुसता पंखा.
मग, चार किलोला एक पडतो का?
नाही, दहाला सहा. पुरतं वाळू देत नाहीत.
अर्धवट, म्हणाले,
पण मान हलवल्याचं मला ऐकू आलं.

जानेवारीत ओत्तोरीनो वॉकर घेऊन परतला.
न्हाणीघरातला वजनकाटा गॅरेजात आणला,
आधी द्राक्षं चढवली, मग स्वतः चढला.
दोघांकडे पाहून हसला.
रस पिंपात गेला. लेक त्याला स्वान्सीला घेऊन गेली.
जाताना बोट नाचवून बजावलं:
नातीच्या लग्नाला गोड हवी,
बुडबुडे मंदावले की लगेच फोन.
साखर उरली पाहिजे.

त्या महिन्यात माझ्या लॅबमध्ये रात्रपाळ्या लागल्या.
सकाळी किल्ली पर्समध्ये असायची,
मी झोपेत.
बुडबुडे कधी मंदावले,
कधी थांबले,
खरंच सांगता येणार नाही.

एप्रिलात त्यानं चहाच्या ग्लासात थोडी काढली,
तोंडात फिरवली, खिडकीबाहेर बघितलं.
अमारो, म्हणाला. कडू.
मी सगळं सांगितलं, रात्रपाळ्यांसकट.
त्यानं पुन्हा घोट घेतला,
आणि हात डोक्याच्याही वर नेऊन
कडूची उंची दाखवली:
अमारोने.
असाच एकजण पिंप विसरला होता म्हणे तिकडे,
त्यालाही आधी शिव्याच बसल्या.
नातीला काय सांगणार? विचारलं.
म्हणाला, लग्नच आहे ना, कळेल तिला.

मी घोटभर घेतली.
आधी चेरीसारखं काही, मग बदामाची साल,
मग सगळं गेल्यावर, खूप आत,
तळव्याला चिकटलेला एक मणी.

बाबांना मी काही कळवलं नव्हतं.
त्यांनीच विचारलं आठवड्यानं,
त्या अर्धवटांचं काय झालं?
म्हटलं, कडू झालं.
किती?
मी हात डोक्याच्याही वर नेऊन दाखवला,
फोनवर.