थिरवणी

साकोलीच्या भंगारातून जुळवलेली थिरवणी
धनपालनं विहिरीत सोडली. दोरी बैलाचीच.
डबा कानाला लावला.
गाळात आवाज बसलेले असतात, धानाच्या तुसासारखे;
ढवळलं की वर येतात,
खुंटी पिळली की उभे राहतात.

भुराबाईला एकच पाहिजे होतं :
ब्याऐंशीच्या उन्हाळ्यात, याच काठावर
पहिली शिवी कोनं देल्ली, तिनं का जनानं.
तेव्हापासून दोघी जावांतून विस्तव जात नाही.

खरखर. रहाट. गुंड आदळला.
मग दोघी हसतायत,
हसता हसता पाणी सांडतायत.
"समोर सरकव ना बाप्पा."
समोर नुसतं पाणी.

"तुही मशीन खोटी हाये," म्हणाली भुराबाई
अन् लांबच्या वाटेनं,
जनाच्या दारावरून,
घरी गेली.