साक्षीदार नंबर दोन

धुळ्याच्या कोर्टात मी आजवर गेलो नव्हतो.
माझे कोट गेले होते.
एकतीस वर्षं, पाचव्या गल्लीतल्या दुकानातून
काळे कोट, गाऊन, पांढरे बँड,
आणि एकदा एका जजसाहेबांच्या मुलाची शेरवानी.

शहाण्यानं चढू नये म्हणतात ती पायरी
एक नाही, अकरा आहेत.
नववी मधोमध झिजलेली,
जुन्या पँटीच्या बुडासारखी.

आत शिरलो तर काही कळेना.
डावीकडे नाझर, उजवीकडे नक्कल विभाग,
वरच्या मजल्यावर कनिष्ठ स्तर, खाली वरिष्ठ स्तर.
हे असं कसं, विचारलं तर शिपाई म्हणाला,
"इमारत आधी झाली, काका. स्तर मागून आले."

भिंतीवर आजचा बोर्ड.
वादी, प्रतिवादी, आणि मध्ये 'विरुद्ध',
एकाच आडनावाच्या पोटात.
बोरसे विरुद्ध बोरसे. नंबर चौतीस.

एका म्हातारीनं माझी बाही धरली:
"भाऊ, मन्हं नाव शे का तठे?"
शोधलं. केसरबाई झिपरू मोरे, खोली चार.
"तू वकील शे का?"
नाही, शिंपी.
"मंग बरं," म्हणाली, आणि बाकावर जाऊन बसली.

"सुपडू वामन कापुरे हाऽजिर!"
माझं नाव इतक्या जोरात
आईनंही कधी घेतलं नव्हतं.

खरं सांगेन, खोटं सांगणार नाही.
गळ्यात टेप राहिला होता. काढू का, विचारलं.
मॅडम म्हणाल्या, राहू द्या.

भामरे वकील उभे राहिले. छाती बेचाळीस,
डावा खांदा अर्धा इंच उतरता, तिथं मी पॅड घालतो;
हे त्यांना ठाऊक, मला ठाऊक आणि त्यांच्या बायकोला.
म्हणाले, भिलाजी बोरसेंनी मृत्युपत्रावर सही केली,
तेव्हा वार कोणता?
आठवत नाही.
शाई?
निळी. काळीही असेल.
मग आठवतं तरी काय तुम्हाला?
म्हटलं, कंबर छत्तीस.
आदल्या दिवाळीला एकोणचाळीस होती.
कटिंगच्या टेबलावर खडूची भुकटी होती,
ती त्यांनी आधी तळव्यानं पुसली, मग कागद ठेवला.
सही करून स्वतःच्या नावावर फुंकर मारली.

मॅडमनी टाइप करायला सांगितलं:
'मयताची प्रकृती खालावलेली होती, हे खरे आहे.
सही माझ्यासमक्ष केली.'
फुंकर घातली नाही त्यात.

शेवटी भामरे म्हणाले, तुम्ही खोटी साक्ष देताय.
मी नाही म्हटलं. कीबोर्ड वाजला:
'हे म्हणणे खरे नाही की मी खोटी साक्ष देत आहे.'
दोनदा वाचलं, तेव्हा समजलं.
कापड उलटं धरूनच शिवतात,
सुलट मागून करतात.
उलटतपासणी म्हणजे हेच असेल तर
मला येते की ती.

बाहेर व्हरांड्यात भामरे हळूच म्हणाले,
"काका, राग नाही ना? हा कोट बगलेत आवळतोय."
पाहिलं. दोन सूत सोडता येतील.
"कधी देणार?"
"मंगळवारी."
"मागच्या वेळीही मंगळवारच म्हणाला होतात."
आतून शिरस्तेदार कुणाला तरी
पुढची तारीख सांगत होते.

केसरबाई बाकावरच होती. खोली चारमधले साहेब
रजेवर गेलेले, हे तिला कुणी सांगितलंच नव्हतं.
मी सांगितलं. चहा पाजला. अर्धा तिनं बशीतच ठेवला.

एक प्रश्न मात्र कुणी विचारला नाही,
भिलाजी त्या दिवशी माझ्या दुकानात आले कशाला?
राखाडी टेरिकॉटची पँट टाकायला.
शिवून झाली. चिठ्ठी टाचून टांगली आहे
सहा वर्षं.
पाच एकर, विहिरीतला हिस्सा, रस्त्यावरच्या दोन खोल्या,
कागदात सगळं लिहिलंय. पँट नाही.

मीही बोललो नाही.
विचारतील तेवढंच सांगायचं,
असं आमच्या वकिलांनी बजावलं होतं.