एक दिवसाआड

आमच्या जनकगंजात नळ येतो एक दिवसाआड,
पहाटे साडेचारला, पाऊण तास.
आई आधी पिंप भरते, मग हंडे, मग कळश्या,
मग कुकर, मग डब्यांची झाकणं उलटी करून.
एकदा तिनं कुंकवाच्या करंड्याकडेही बघितलं होतं.
मी पाहिलं.

रविवारी रात्री मी गाणी भरते.
वायफाय वरच्या सबनीसांचं,
पासवर्ड त्यांच्या कुत्र्याचं नाव.
कुत्रा गेला, पासवर्ड राहिला.
खाली तोंड केलेला बाण दाबला की
गोल हळूहळू भरत जातो
आणि काठाशी येता येता कळशीसारखा आवाज बदलतो.
नाही, आवाज नसतो.
तो मी मनानं घालते.

"गाणी कशाला भरायची?" आई म्हणाली, "ती काय जातात?"
"तिकडं येत नाहीत."
हे मात्र तिला लगेच कळलं.
"मग झाकून ने."

एकदा फोन म्हणाला, जागा नाही.
विदिशाच्या स्थळासाठी काढलेले एकोणचाळीस फोटो पुसले,
सगळ्यांत मी हिरव्या साडीत, सगळ्यांत मान तिरकी.
त्या जागेत तेवीस गाणी बसली.

सोमवारी पाचची बस.
मोहन्यापर्यंत दोन काड्या, शिवपुरीत चार,
पोहरीनंतर एक, तीही रुसलेली.
कराहलच्या पुढं, माझ्या शाळेत,
फोन म्हणजे घड्याळ, टॉर्च
आणि जे भरून आणलं ते.

चौथीतली बदामी दुपारच्या सुट्टीत डावीकडे येऊन बसते,
डावा कान तिचा, उजवा माझा.
"मैडम, इसमें कितने भरे हैं?"
दोनशे बारा.
तिनं फोन उलटा करून कडा तपासल्या,
कुठून झिरपतो का ते.

मग पंचायतीच्या निवडणुकीची ड्यूटी लागली,
चार रविवार घर नाही,
आणि एकतिसाव्या दिवशी
सगळी गाणी राखाडी झाली.
नावं जागच्या जागी, ओळीनं,
नळ चुकलेल्या दिवशीच्या हंड्यांसारखी.
दाबलं की एकच वाक्य:
ठेवायची असतील तर आधी इंटरनेटला या.
महिन्याचे पैसे मी भरते,
पण मालक मधूनमधून दार वाजवून बघतो
भाडेकरू अजून तीच आहे ना.
आई म्हणेल, शिळी झाली.
पण शिळं पाणी निदान ओतून टाकता येतं.

"सूख गए?" बदामीनं विचारलं.
म्हटलं, हो.
तिला नवल वाटलं नाही.
शाळेचा हातपंप जेठात असाच खोकतो,
तेव्हा पोरं वरून तांब्याभर पाणी घालतात
आणि दांडा मारत राहतात, खालचं वर येईपर्यंत.
त्या तांब्याला कुणी तोंड लावत नाही.
तो त्यासाठीच ठेवलेला.

तिनं वायर कानात घातली, मुक्या फोनची,
आणि गुणगुणायला लागली.
सातवं गाणं.
पण तिला डाव्या कानातलंच येत होतं:
संतूर, टाळी,
आणि मध्ये मोठाली भोकं, जिथं ती बोटं मोजत
गप्प बसून राहायची.
आधी वाटलं, विसरली.
मग लक्षात आलं, उजवीकडच्या बासरीची
तिला कधी गाठच पडली नव्हती.
ती सगळी माझ्याकडे होती.

मला सूर नाही.
तरी तिनं बोटं मोजली तेव्हा तेव्हा
मी तोंडानं शीळ घातली, अर्धी हवाच.
दुसरीतली दोघं दारात येऊन उभी राहिली,
एकाच्या हातात खिचडीची थाळी तशीच.

शनिवारी जिन्यातच फोननं सबनीसांचं वायफाय धरलं.
दोनशे अकरा परत आली.
राहिलं ते कोणतं, अजून शोधते आहे.
आईनं मला बघून
कालची कळशी मोगऱ्यात रिकामी केली.
"बरं झालं आलीस," म्हणाली,
"उद्या नळाचा दिवस."