डावी भुवई

मल्लेशम बिंगी, साखर पेठ.
मागांच्या खडखडाटात कुणाचं कुणाला ऐकू येत नसे,
म्हणून विनोद तो भुवयांनीच करायचा.
धोटा इकडून तिकडे जाईस्तोवर
अख्खी रातपाळी हसलेली.

पुढे मालिकांत तेवीस वर्षं :
कंपाउंडर, पोस्टमन, घरमालकाचा मेव्हणा,
एकदा तर प्रेतसुद्धा, शिंकणारं.
आवाज मात्र दुसऱ्याचा लावत,
याच्या मराठीत तेलुगू डोकावते म्हणून.

आई टीव्ही मुका करूनच बघायची.
"बोलायला लागला की माझा राहत नाही."

परवा गड्ड्याच्या जत्रेत एका पोरानं ओळखलं.
नाव काही आठवेना,
नुसत्या भुवया उडवल्या त्यानं.
हा थांबला,
पाळण्याच्या घरघरीत ओरडला,
"डावी जरा उशिरा, बाळा.
धोटा परत येऊ दे."