नझमी पाशाचा ठसा

माणूस उलटा कोरावा लागतो,
तेव्हा कुठे तो कागदावर सुलटा उमटतो,
हिदायतमामू म्हणायचा
इमामवाड्याच्या छापखान्यात,
भिंगामागे एक डोळा मोठा करून.

बावीस साली तार आली:
नझमी पाशानं नदी राखली.
तीन रात्री, निम्मी फौज अनवाणी.
मालकाला पहाटेच्या आत पाशाची तसबीर हवी,
आणि तसबीर अजून बोटीत,
बोट एडनच्या अलीकडे की पलीकडे, कुणाला ठाऊक.

माझा बाप तेवढ्यात मांडवी बंदरावरून
मेहुण्यासाठी सुका बांगडा घेऊन आलेला.
"बस इथं. हलू नको."
दाभोळचा खलाशी शमसुद्दीन परकार
गोणपाटावर बसला
आणि उजाडेपर्यंत सेनापती झाला.

भुवया बापाच्या. डाव्या गालावर
तुटलेल्या दोरखंडाचा वळ होता,
त्याची तलवारीची जखम झाली.
लाल टोपी शाईत काळीच आली.
पण घाईत मामू उलटं कोरायला विसरला,
जखम उजव्या गालावर गेली,
तलवार भलत्याच कमरेला.
भेंडीबाजारात दर तिसऱ्या दुकानात
बाप लटकत होता, किंमत दोन पैसे,
आणि खालून कोळशाची टोपली घेऊन
बाप गेला. कुणी मान वर केली नाही.
मी तेव्हा पाळण्यात.

पाशा पुढे वजीर झाला.
शाळा काढल्या, रूळ टाकले,
रोज सकाळी म्हणे सह्या करताना
अजून घोड्यावर असल्यासारखा गुडघे आवळून बसायचा.
तिकडे टोपी गेली, हॅट आली.
मामूनं जुनी टोपी पोखरून काढली,
भोकात लाकडाची चकती ठोकली,
चकतीवर हॅट.
आई आठ दिवस बापाला साहेब म्हणत होती.

मग खटला.
ज्यांना त्यानं नदीपार आणलं होतं
त्यातलेच दोघे न्यायाधीशाच्या खुर्चीत.
एका मतानं वाचला.
ठसा फडताळाच्या तळाशी गेला, तोंड खाली करून.
बापही तेव्हाच मुकादमाच्या थोबाडीत मारून
घरी बसलेला.

बारा वर्षं पाशानं मधमाश्या पाळल्या.
मामूला हे कुठून कळलं, विचारू नका.

आणि एक दिवस परत तार:
पाशाला बोलावलं, सभेचा अध्यक्ष केलं.
मामूनं ठसा पुसला, वाळवी नव्हती.
"म्हातारा करायला काही घालावं लागत नाही," म्हणाला,
"नुसतं काढत जायचं."
मिशीत चार रेघा, गालात दोन,
प्रत्येक रेघ कागदावर पांढरी.
बापाला समोर बसवायचं होतं,
पण बाप दीड वर्षापासून नारळवाडीत निजलेला.
म्हणून मी बसलो, सोळा वर्षांचा.
माझ्या तोंडाकडे बघत बघत मामूनं
बाप साठीचा कसा दिसला असता ते कोरलं,
आणि मध्येच उठून
उगाच दौत भरायला गेला.

पाशा वारला तेव्हा खरा फोटो आला.
अरुंद चेहरा, चष्मा,
शाळामास्तराचे ओठ, जखम कुठेच नाही.
मालकानं तो छापला
आणि दुपारपर्यंत दारात डोंगरीचे लोक:
हा कोण? आमचा पाशा कुठाय?
दुसऱ्या दिवशी काळ्या चौकटीत
पुन्हा बाप.

छापखान्याच्या जागी आता बॅगांचं दुकान आहे.
ठसा माझ्याकडे.
शाई लावत नाही, छापत नाही.
छापला की तो पाशा होतो,
जखम उजवीकडे, तलवार भलतीकडे.
नुसत्या लाकडातच वळ डाव्या गालावर आहे,
जिथं होता.