पुसकाम

वाईच्या घाटावर आज गंगा आहे.
कॉल शीटवर तसं लिहिलंय, खाली माझी सही.
भुईंजच्या इस्माईल मुल्लांनी
प्लायवूडच्या चार छत्र्या रात्रीत उभ्या केल्या,
मी त्यांना वय दिलं:
काजळी, चहाचा चोथा, आंबट ताक,
आणि कोपऱ्यात, जिथे कुणी बघणार नाही तिथे,
एका पानखाऊ माणसाची पिंक.

हे कॉलेजात शिकवत नाहीत.
आठवीत असताना मंडळाच्या देखाव्यात शिकले.
थर्माकोलचा किल्ला, आत चाळीसचा बल्ब;
बुरुजाला तडा द्यायचा
तर आधी बुरुज नीट बांधायचा.

मग कोल्हापूर. मग गोरेगाव.
तीन वर्षं मी फक्त भिंती मळवल्या.
मग भिंतीच गेल्या, हिरवं कापड आलं.
नट कापडाकडे बघून घाबरतात,
कशाला घाबरले ते मी सहा महिन्यांनी ठरवते.
आईला हे सांगितलं तर म्हणाली,
आमच्या लग्नात असंच होतं.

पलीकडच्या काठावर पाण्याची टाकी.
पोटावर रंगवलेलं: पाणी जपून वापरा.
त्यातलं ‘जपून’ कधीच उडालंय.
दिग्दर्शक म्हणाला, ही काढायची.
निघेल, म्हटलं. दोनशे बारा फ्रेम्स.

अण्णा त्या टाकीवर एकतीस वर्षं.
गावात त्यांना शेलार कुणी म्हणत नसे, वालमन म्हणत.
पहाटे चारला सायकल,
खांद्यावर लोखंडी चावी, माझ्याएवढी उंच.
कुठल्या आळीला आधी पाणी,
यावरून खाल्लेल्या शिव्या ते घरी आणत नसत,
चपलांबरोबर दारात काढत.

मशीनवर बसले.
आधी घुमट पुसला.
मग खांब, सहा.
जिना शेवटी ठेवला होता.
मागचं आभाळ ओढून भरलं,
सोनजाईचा डोंगर जरा डावीकडे वाढवला,
डोंगर काही बोलला नाही.

त्या जिन्याने एकदा मला वर नेलं होतं अण्णांनी.
गंजाचा वास, गुडघे लटपटत,
आणि खाली, पहिल्यांदाच,
नदी वळताना दिसली.
ड्रोनवाल्याला मी जी उंची सांगितली
ती कुठून आणली, त्याने विचारलं नाही.

जिना पुसला.

पाण्यातली राहिली.
एकशे चाळीसाव्या फ्रेमपासून पुढे,
उलटी, पिवळसर, लाटेबरोबर थरथरणारी.
यादीत लिहून ठेवलं: प्रतिबिंब बाकी.
मग साउंड आला, रंग आला, तारीख आली,
यादी कुणी मागितली नाही.
मीही दिली नाही.

अण्णांनी साताऱ्याला जाऊन पिक्चर पाहिला.
माझं नाव येईपर्यंत बसून राहिले,
तोवर झाडूवाला त्यांच्या रांगेत पोचला होता.
रात्री फोन.
“कुंदे, समदं झ्याक हाय.
पर टाकी न्हाई, मग त्या बाईच्या घागरीत
पाणी आलं कुठनं?”
नदीचं, अण्णा. जुना काळ आहे तो.
“असंल.”
पलीकडे टीव्हीचा आवाज, आईचं खोकणं.
“आन् खाली पाण्यात हलत हुती
ती आपलीच न्हवं?”
मी गप्प.
“जरा गळतीया वाटतं.
सांगतो उद्या पोरांना.”