प्रतिवादी क्रमांक एक

धारवाडात पुकारा झाला तेव्हा पहिल्यांदा कळलं
की मी कुणाच्या तरी विरुद्ध आहे.
भारती भावकाण्णा सांबरेकर
विरुद्ध
उद्यमबाग ओतारी कामगार घरबांधणी सहकारी संघ.
न्यायमूर्तींनी चष्मा कपाळावर सरकवला,
विचारलं, "संघ म्हणजे सरकार आहे का?"

इटगी वकील अडखळले.
मी मागच्या बाकावर मनातल्या मनात म्हटलं, आहे की.
वर्गणी घेतो, शिक्का मारतो,
नोटीस फळ्यावर लावतो आणि फळा कुलपात ठेवतो,
सत्तेचाळीस नंबरचा प्लॉट एका रात्रीत
दुसऱ्याच्या नावावर नेऊन ठेवतो,
आणि विचारायला गेलं की चेअरमन तारिहाळकर
जेवायला गेलेले असतात, सकाळी साडेदहाला.
सरकार म्हणजे आणखी वेगळं काय असतं?

वेगळं असतं म्हणे.
कोर्टाबाहेर, हायवेच्या धुळीत, चहाच्या गाड्याशी
इटगींनी बशीत चहा ओतून मला समजावलं:
"बघा ताई, संघ म्हणजे तुम्हीच चौघांनी मिळून केलेला करार.
पोटनियम हे घरातले नियम.
भावाभावांत बिनसलं
तर हायकोर्ट येऊन चुली वेगळ्या मांडत नाही.
त्याला कलम सत्तर. निबंधकापुढं जायचं."

"गेलोय की. चौदा महिने झाले."
"मग? काय म्हणूलालाय निबंधक?"
"काहीच नाही."
"लेखी नाही?"
"खिडकीतला माणूस म्हणतो,
साहेबरु इल्ल, मुंदिन वार बर्री.
तेवढंच."

बशी ओठाशीच थांबली.
"मग तेच की," वकील म्हणाले.
"बोलतोय तो संघ, तो सरकार नाही.
गप्प बसलाय तो आहे."

बाबा ओतकामाला होते, एकतीस वर्षं.
वाळूत साचा दाबताना एक भोक ठेवायचे, बोटाएवढं.
म्हणायचे, रस लाल असू दे, खरा असू दे,
जिथं वाट ठेवलीय तिथनंच आत जातो.
दुसरीकडं ओतलास तर तुझाच पाय भाजतो.
त्यांच्या डाव्या पावलावर पावलीएवढा पांढरा डाग होता.
त्याच पावलानं ते दर महिन्याच्या सात तारखेला
पासबुक घेऊन संघात चालत जायचे.

याचिका दुरुस्त झाली.
माझ्या सगळ्या रागातून
इटगींनी एकच वाक्य बाजूला काढलं:
अर्ज पडून आहे, निर्णय द्यायला सांगा.
प्लॉट मागितला नाही.
तारिहाळकरांना चोर म्हटलं नाही; मी म्हणा म्हटलं होतं.
बाबांची एकतीस वर्षं
जोडपत्र क मध्ये गेली, झेरॉक्स, थोडी तिरकी.
संघ सरकून क्रमांक तीन झाला
आणि निबंधक क्रमांक एक.

चार मिनिटं लागली.
"गप्प बसणं हा निर्णय नव्हे," असं काहीसं इंग्रजीत,
"तीन महिन्यांत निकाल द्या,"
आणि पुढचं नाव.
मी उठून हात जोडले
तोवर न्यायमूर्ती दुसऱ्या कुणाच्या तरी धरणाखालच्या
जमिनीत शिरले होते.
जिंकलो का, मी विचारलं.
"ऐकलं," वकील म्हणाले. "आज एवढंच असतंय."

कित्तूर मागं पडलं तेव्हा पिशवीत
आदेशाची प्रत होती, आणि बाबांचं पासबुक,
दोन्ही एकाच रबरात.
प्लॉटवर आता कुणाचा तरी पाया खणलाय,
बसमधून दिसत नाही, पण मला माहीत आहे
किती फूट.

सोमवारी तीच खिडकी.
मी प्रत आत सरकवली, पोच मागितली.
माणसानं वाचली. उलटून पाहिली. परत वाचली.
साहेबरु इल्ल म्हणाला नाही.
ड्रॉवरमधनं शिक्का काढला, गादीवर दाबला,
गादी वाळून कडक झालेली.
माझ्याकडं बघितलं.
मी बाटलीचं टोपण उघडून
बोटानं चार थेंब सोडले तिच्यावर.

फिकट उठला.
तारीख वाचता येत होती.